मूळ पावती प्रतिवादीकडे, वादीच्या हातात फक्त झेरॉक्स: एका दाव्याचा अभ्यास

शेतजमीन विकत घेण्याचा व्यवहार ठरला, इसारपावती झाली, इसार दिला गेला आणि मग विक्रेत्याने खरेदीखत करून द्यायचे टाळले. दिवाणी न्यायालयांत अशा दाव्यांना तोटा नाही. हा दावा वेगळा ठरला, कारण ज्या इसारपावतीवर सगळी भिस्त होती तिची मूळ प्रत वादीकडे नव्हती. होती ती झेरॉक्स. पक्षकारांची ओळख पटू नये म्हणून नावे आणि गाव गाळले आहे, काही तपशील बदलले आहेत. कायद्याच्या दृष्टीने जे महत्त्वाचे, ते तसेच ठेवले आहे.

‘झेरॉक्सला कोर्टात किंमत नसते’ असे लोक सर्रास म्हणतात आणि कित्येक वकीलही पक्षकाराला तेच सांगून परत पाठवतात. मला हे वाक्य फार खटकते, कारण त्यापायी खऱ्या माणसाचा खरा व्यवहार बुडतो. झेरॉक्सची किंमत त्या कागदाकडे बघून ठरतच नाही. मूळ कागद कुठे गेला, कोणाकडे गेला, कसा गेला, हे न्यायालयाला पटवून देता येते का, यावर ती ठरते.

व्यवहार

मे २०१७ मध्ये प्रतिवादीने आपली ८० आर जमीन १८ लाख रुपयांना वादीला विकायचे कबूल केले. १०० रुपयांच्या मुद्रांकावर इसारपावती लिहिली गेली. इसार ४ लाख: ३ लाख चेकने, १ लाख रोख. सातबाऱ्यावर विकास सोसायटीचा बोजा होता. तो प्रतिवादीने उतरवायचा, बोजा कमी झाल्याचा फेरफार मंजूर झाला की सहा महिन्यांत उरलेले १४ लाख घेऊन खरेदीखत करून द्यायचे आणि जमिनीचा ताबा खरेदीखताच्या दिवशी द्यायचा, अशा अटी होत्या. पावतीवर दोन साक्षीदारांच्या सह्या होत्या. ती लिहिणारा दस्तलेखक दावा उभा राहण्याआधीच वारला होता. नोटरी केलेली नव्हती, नोंदणीही नव्हती. नोंदणी नसल्यावरून वाद झाला नाही, कारण विशिष्ट पूर्ततेच्या, म्हणजे ठरलेला व्यवहारच पुरा करून मागण्याच्या, दाव्यात अनोंदणीकृत करार पुरावा म्हणून घेण्याची मुभा नोंदणी अधिनियम, १९०८ च्या कलम ४९ चे परंतुकच देते.

सप्टेंबर २०१७ मध्ये प्रतिवादी वादीच्या घरी आला. सोसायटीचे पैसे भरायला मामा मदत करणार आहेत, व्यवहार खरोखर झाल्याची त्यांना खात्री हवी आहे, तेव्हा मूळ पावती दोन दिवसांसाठी दे, असे म्हणाला. दोघांची सोयरीक होती. वादीने पावती दिली, पण देण्याआधी दुकानात जाऊन तिच्या दोन्ही बाजूंची झेरॉक्स काढून घेतली. पावतीवरचा एक साक्षीदार, निवृत्त शिक्षक, त्या वेळी त्याच्याबरोबर होता. दोन आठवडे गेले तरी पावती परत येईना, तेव्हा वादीने व्हॉट्सॲपवर विचारले. उत्तर आले: ‘पावती घरीच आहे. मामा आले की दाखवून देतो परत.’

२०१८ मध्ये बोजा कमी झाला. २०१९ मध्ये वादीने वकिलामार्फत पाठवलेली नोटीस प्रतिवादीने स्वीकारली, उत्तर दिले नाही, आणि त्याच वर्षी वरिष्ठ स्तर दिवाणी न्यायालयात दावा दाखल झाला. कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, प्रतिवादीने पावतीही नाकारली आणि सहीही नाकारली. चेकच्या ३ लाखांबद्दल त्याचे म्हणणे असे, की वादीने पूर्वी हातउसने घेतले होते, त्याची ती परतफेड.

प्रकरण माझ्याकडे आले तेव्हा

वादीचे सरतपासाचे, म्हणजे स्वतःच्या साक्षीचे, प्रतिज्ञापत्र दाखल झाले होते, उलटतपास सुरू व्हायचा होता. आधीच्या वकिलांनी झेरॉक्सवर निशाणी पाडण्याची विनंती केली होती. प्रतिवादीच्या वकिलांनी लगेच हरकत घेतली. न्यायालयाने आदेश केला की मूळ दस्त दाखल नाही, दुय्यम पुराव्याचा, म्हणजे मुळाऐवजी प्रत देण्याचा, पाया घातलेला नाही, सबब निशाणी देता येत नाही. कागद ओळखीपुरता ‘आर्टिकल ए’ म्हणून नोंदवावा. कोर्टाबाहेरच्या वाचकासाठी सांगायचे तर, निशाणी पडलेला कागद पुराव्यात वाचला जातो, आर्टिकल म्हणून नोंदलेला कागद फाइलमध्ये नुसता असतो.

हा आदेश बरोबर होता. वादीला तो अन्यायाचा वाटला. मी त्याला सांगितले की न्यायाधीशांनी दार बंद केलेले नाही, किल्ली कुठे ठेवली आहे ते दाखवले आहे. भारतीय पुरावा अधिनियम, १८७२ च्या कलम ६४ प्रमाणे दस्तातला मजकूर प्राथमिक पुराव्यानेच, म्हणजे मूळ दस्त हजर करूनच, शाबित करायचा. कलम ६५ त्याला अपवाद देते. मूळ दस्त विरुद्ध पक्षकाराच्या ताब्यात आहे आणि नोटीस देऊनही तो हजर करत नाही, हा ६५(ए). मूळ दस्ताचे अस्तित्व, स्थिती किंवा मजकूर त्याने लेखी मान्य केला आहे, हा ६५(बी). मूळ हरवला, नष्ट झाला किंवा स्वतःच्या कसुरीशिवाय हजर करता येत नाही, हा ६५(सी). पुढे सार्वजनिक दस्त, प्रमाणित प्रत, प्रचंड हिशेबवह्या यांचे अपवाद आहेत, त्यांचा इथे संबंध नव्हता.

सरतपासाच्या प्रतिज्ञापत्रात यातले काहीच नव्हते. ‘इसारपावती दाखल केली आहे, ती खरी व बरोबर आहे’ एवढेच. दावा अर्जातही ‘इसारपावती सोबत जोडली आहे’ असे ढोबळ वाक्य होते. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ७ नियम १४ सांगतो की ज्या दस्तावर दावा आहे तो आपल्याकडे नसेल, तर तो कोणाच्या ताब्यात आहे हे शक्य तोवर नमूद करावे. आदेश १३ नियम १ प्रमाणे, दाव्यासोबत प्रती जोडल्या असतील तर मूळ दस्त मुद्दे, म्हणजे न्यायालयाने ठरवायचे वादाचे प्रश्न, निघेपर्यंत हजर करावे लागतात. दोन्ही टप्पे केव्हाच उलटून गेले होते.

फाइल पुन्हा वाचताना एक गोष्ट मात्र हाती लागली. दाव्यासोबतच्या दस्तऐवजांच्या यादीत, शेऱ्याच्या रकान्यात, आधीच्या वकिलांच्याच हस्ताक्षरात बारीक लिहिले होते: ‘झेरॉक्स. मूळ प्र. वादीकडे.’ यादीची प्रत प्रतिवादीला समन्सबरोबर मिळाली होती. मूळ पावती प्रतिवादीकडे असल्याचे म्हणणे दावा दाखल झाला त्या दिवसापासून रेकॉर्डवर होते, नंतर सुचलेले नव्हते. पुढे युक्तिवादात या एका ओळीचा फार उपयोग झाला. यादीतला शेऱ्याचा रकाना रिकामा सोडू नका, हे मी सोबतच्या ज्युनिअर वकिलांना आजही आवर्जून सांगते.

हरवली म्हणायचे की त्याच्याकडे आहे म्हणायचे

पहिल्या भेटीत वादी म्हणाला, “मॅडम, सरळ हरवली म्हणून सांगू ना. पोलिसांत जाऊन गहाळ झाल्याचा दाखला काढतो. माझ्या पाहुण्याने तसंच केलं होतं.”

मी साफ नाही म्हणाले. एकतर ते खोटे होते. दुसरे, गहाळ दाखला म्हणजे तुम्ही पोलिसांना काय सांगितले याची नोंद. कागद खरोखर हरवला याचा तो पुरावा होत नाही. तिसरे म्हणजे ६५(ए) आणि ६५(सी) या दोन वेगळ्या हकिकती आहेत. कागद त्याच्याकडे आहे असे यादीत म्हणायचे आणि साक्षीत हरवला म्हणायचे, तर उलटतपासाच्या पहिल्या पाच मिनिटांत साक्षीदार कोसळतो. ‘गहाळ झाली आहे किंवा प्रतिवादीकडे आहे’ अशी दोन्ही दगडांवर पाय ठेवणारी वाक्ये अर्जांत नेहमी दिसतात. ती लिहिणाऱ्याला वाटते आपण दोन्ही बाजूंनी सुरक्षित झालो. न्यायालयाला मात्र दिसते की याला स्वतःलाच माहीत नाही.

सर्वोच्च न्यायालयाने अशोक दुलीचंद वि. माधवलाल दुबे (१९७५) या निवडणुकीच्या प्रकरणात फोटोस्टॅट प्रत नाकारली होती. ती कोणत्या परिस्थितीत काढली आणि काढताना मूळ कोणाच्या ताब्यात होते, हे सांगितलेच नव्हते, शिवाय कागद संशयापलीकडचा नव्हता. जे. यशोदा वि. के. शोभा राणी (२००७) मध्येही ६५(ए) च्या अटी पूर्ण न झाल्याने झेरॉक्स प्रती स्वीकारल्या गेल्या नाहीत. या निकालांचा दाखला विरुद्ध बाजू नेहमी ‘झेरॉक्स चालत नाही’ म्हणून देते. ते नीट वाचले, तर काय सांगितले म्हणजे चालते याचीच यादी त्यांत मिळते.

त्यासाठी वादीकडून प्रत्येक गोष्ट खोदून काढावी लागली. पावती कोणत्या दिवशी दिली, घरात कोण होते, झेरॉक्स कोणी काढून आणली, किती प्रती काढल्या, त्या कुठे ठेवल्या. शेवटच्या प्रश्नावर एक धक्का बसला.

झेरॉक्सची झेरॉक्स

दाव्यासोबत दाखल झालेल्या प्रतीच्या डाव्या कडेला फाइलची दोन भोके होती. त्या भोकांच्या थोडे वर आणखी दोन काळे ठिपके छापलेले होते. म्हणजे ही प्रत अशा कागदावरून काढली होती, ज्याला आधीच भोके पाडलेली होती. मूळ पावतीला भोके नव्हती, ती वादीने पिशवीत घडी घालून ठेवलेली असे. वादीला विचारल्यावर उलगडा झाला. दुकानात काढलेली पहिली झेरॉक्स त्याच्या घरच्या फाइलमध्ये होती आणि तिच्यावरून काढलेली दुसरी त्याने आधीच्या वकिलांना दिली होती.

फरक बारीक वाटतो, पण कलम ६३ वाचले की तो किती महत्त्वाचा ते कळते. मूळ दस्तावरून यंत्राने काढलेली प्रत दुय्यम पुरावा असतेच. अशा प्रतीशी ताडून पाहिलेली दुसरी प्रतही दुय्यम पुरावा ठरू शकते, मात्र पहिली प्रत मुळावरून निघाली हे दाखवावे लागते आणि दुसरी पहिलीशी ताडली हेही. एक जास्तीचा दुवा शाबित करायचा, म्हणजे विरुद्ध वकिलांना एक जास्तीची जागा द्यायची. घरची पहिली प्रत सुस्थितीत होती. आदेश ७ नियम १४ खाली परवानगीचा अर्ज देऊन, दोन्ही प्रतींची हकिकत खुलेपणाने सांगून ती दाखल केली. हरकत आली. मजकूर तोच आहे आणि उलटतपास व्हायचाच आहे, म्हणून खर्चासह परवानगी मिळाली.

दाखल झालेल्या जुन्या प्रतीवर ‘खरी प्रत’ असा वकिलांचा शिक्काही होता. त्याने काही साधत नाही. कलम ७६ मधली प्रमाणित प्रत ही ज्याच्या ताब्यात सार्वजनिक दस्त आहे त्या अधिकाऱ्याने फी घेऊन, दाखला लिहून, सही-तारखेनिशी दिलेली प्रत. फेरफाराची, न्यायालयीन आदेशाची प्रत अशी मिळते. दोन माणसांतल्या इसारपावतीवर कोणीही, अगदी राजपत्रित अधिकाऱ्यानेही, ‘खरी प्रत’ मारले तरी ती खाजगी दस्ताची झेरॉक्सच राहते.

हजर करण्याची नोटीस

माझ्या मते या दाव्याचा कणा हीच नोटीस. कलम ६६ आणि आदेश १२ नियम ८ प्रमाणे प्रतिवादीच्या वकिलांना लेखी नोटीस दिली. त्यात पावतीची तारीख, मुद्रांकाची रक्कम, साक्षीदार, रकमा असे सगळे वर्णन दिले, ती कधी आणि कशी नेली ते लिहिले आणि पुढच्या तारखेला हजर करा म्हटले. नोटिशीची पोहोच रेकॉर्डवर घेतली. उत्तर अपेक्षेप्रमाणे आले: असा दस्तच नाही, तेव्हा ताब्यात असण्याचा प्रश्नच येत नाही.

अनेकांना वाटते की हे उत्तर आले की विषय संपला. तसे नाही. ६५(ए) ला मूळ दस्त विरुद्ध पक्षकाराच्या ताब्यात असल्याचे ‘दिसून येणे’ पुरते. त्याच्या कबुलीची गरज असती, तर ज्याने कागद दाबला त्याच्याच हातात सगळे गेले असते.

शिवाय या नोटिशीतून आणखी एक फायदा मिळतो, ज्याकडे फार कमी वकील लक्ष देतात. कलम ८९ म्हणते की हजर करण्याची नोटीस देऊनही जो दस्त हजर केला नाही, तो कायद्याने आवश्यक त्या रीतीने साक्षांकित, मुद्रांकित आणि निष्पादित (सही करून दिलेला) झाला होता असे न्यायालयाने गृहीत धरले पाहिजे. ‘धरू शकेल’ नव्हे. अर्थात हे गृहीतक दस्त अस्तित्वात होता हे दिसल्यावरच कामाला येते आणि ते खोडता येते. आम्हाला ते मुद्रांकाच्या हरकतीवर उपयोगी पडले. प्रतिवादीच्या वकिलांचे म्हणणे होते की झेरॉक्सवरून मुद्रांक खरा की खोटा, पुरेसा की अपुरा, कळत नाही. हा मुद्दा गंभीर आहे. कमी मुद्रांकाच्या दस्ताची नक्कल दंड भरूनही पुराव्यात घेता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने जुपुडी केशव राव (१९७१) आणि हरिओम अग्रवाल (२००७) या निकालांत सांगितले आहे. मूळ दस्त असता तर तुटीची रक्कम आणि दंड भरून मार्ग निघतो, नकलेला तो मार्ग नाही. पावतीत ताबा लगेच दिल्याचे लिहिले असते, तर ती खरेदीखतासारखी धरली जाऊन १०० रुपये अपुरे ठरले असते आणि दावा तिथेच अडला असता. ताबा खरेदीखताच्या दिवशी, या अटीने वादीला वाचवले.

ताबा दाखवणारा पुरावा

व्हॉट्सॲपवरचा निरोप ही ताब्याची सर्वांत थेट खूण. पण आधी दाखल झाला होता त्याचा नुसता छापील स्क्रीनशॉट, प्रमाणपत्राशिवाय. अर्जुन पंडितराव खोतकर वि. कैलास गोरंट्याल (२०२०) या निकालाने स्थिती स्पष्ट केली आहे. इलेक्ट्रॉनिक नोंदीची छापील प्रत द्यायची तर कलम ६५-बी(४) चे प्रमाणपत्र लागतेच. मूळ यंत्रच त्याच्या मालकाने साक्षीत हजर केले तर लागत नाही. वादीचा जुना फोन घरी होता, काच तडकलेली, पण चालू. आम्ही दोन्ही केले. प्रमाणपत्र दिले आणि फोन साक्षीच्या पिंजऱ्यात न्यायाधीशांना उघडून दाखवला. क्रमांक प्रतिवादीचा कशावरून? त्याच्या वकीलपत्रावर त्याने स्वतः तोच मोबाइल क्रमांक लिहिला होता.

मुद्रांक विक्रेत्याला विक्री नोंदवहीसह साक्षी समन्स काढले. झेरॉक्सच्या मागच्या बाजूला विक्रेत्याचा अनुक्रमांक आणि तारीख वाचता येत होती. मागची बाजूही कॉपी करण्याची वादीची सावधगिरी इथे कामी आली. नोंदवहीत त्या क्रमांकापुढे १०० रुपयांचा मुद्रांक, प्रतिवादीचे नाव आणि शाईची सही होती. चेकसाठी बँकेचा खातेउतारा, बँकर्स बुक्स पुरावा अधिनियम, १८९१ खालच्या दाखल्यासह. हीही एक प्रतच, पण कायद्यानेच तिला प्रथमदर्शनी मुळाचा दर्जा दिलेला आहे.

मामांना साक्षीला बोलावण्याची वादीची फार इच्छा होती. मी ते टाळले. जो प्रतिवादीचा जवळचा नातेवाईक आहे, त्याला आपला साक्षीदार केले की न्यायालयाच्या परवानगीशिवाय त्याला उलटतपासासारखे प्रश्न विचारता येत नाहीत, आणि तो काय बोलेल याची शाश्वती नाही.

दुय्यम पुराव्यासाठी स्वतंत्र अर्ज लागतोच असे नाही, हे धनपत वि. शिव राम (२०२०) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे. तरी सगळी हकिकत एका जागी यावी म्हणून पुरवणी सरतपासासह अर्ज दिला. न्यायालयाने झेरॉक्सवर निशाणी पाडली, प्रतिवादीची हरकत नोंदवली आणि शाबितीचा प्रश्न अंतिम निकालात बघण्यासाठी खुला ठेवला.

उलटतपास

निशाणी पडली म्हणजे दस्त शाबित झाला, हा गैरसमज पक्षकारांत आहे तसा वकिलांतही. एच. सिद्दीकी वि. ए. रामलिंगम (२०११) मध्ये मुखत्यारपत्राच्या झेरॉक्सवरची सही ज्याची, त्यानेच ती मान्य केली होती, तरी सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की सही मान्य करणे म्हणजे मजकूर मान्य करणे नव्हे. प्रत पुराव्यात घेण्याजोगी आहे का, ती मुळाशी जुळते का, मूळ दस्त त्या माणसाने लिहून दिला का आणि त्यात लिहिले ते खरे का, हे चार प्रश्न वेगवेगळे आहेत. आम्ही तोवर फक्त पहिला ओलांडला होता.

वादीच्या उलटतपासात विचारले गेले:

“मूळ पावती दिलीत त्याची काही पोहोच घेतली?”

“नाही. सोयरीक होती. मागितली नाही.”

“एवढ्या रकमेचा कागद, तो असाच देऊन टाकला?”

“असाच नाही दिला. आधी झेरॉक्स काढली, मग दिला.”

या उत्तराने मला फार बरे वाटले. ते पढवलेले नव्हते आणि माणूस जसा वागतो तसे होते. निवृत्त शिक्षकांनी पावती लिहिली जात असताना प्रतिवादीने सही केल्याचे आणि झेरॉक्स काढताना मूळ कागद आपल्या हातात होता हे सांगितले. वाचून खात्री केली का, या प्रश्नावर त्यांनी प्रामाणिकपणे सांगितले की सगळी कलमे वाचली नव्हती. रक्कम, गट नंबर आणि सह्या पाहिल्या होत्या.

मध्येच प्रतिवादीने झेरॉक्सवरची सही हस्ताक्षरतज्ज्ञाकडे पाठवण्याचा अर्ज दिला. त्याला मी कसून विरोध केला. झेरॉक्समध्ये लेखणीचा दाब, रेघेचा ओघ, उचललेल्या जागा दिसत नाहीत. अशा प्रतीवरचे मत धोक्याचे असते. आणि तज्ज्ञ हवा असेल तर मूळ हजर करण्याचा मार्ग, आमच्या म्हणण्याप्रमाणे, प्रतिवादीच्याच घरात होता. अर्ज फेटाळला गेला.

प्रतिवादीच्या उलटतपासात मुद्रांक नोंदवहीतली सही त्याला दाखवली. आधी ‘आठवत नाही’, मग ‘माझ्यासारखी दिसते’. मुद्रांक कशासाठी घेतला, याचे उत्तर नव्हते. व्हॉट्सॲपवरची ‘पावती’ ही कोणती, यावर तो म्हणाला बियाण्याच्या खरेदीची. ती मामांना कशाला दाखवायची, हे तो सांगू शकला नाही. हातउसन्या रकमेचा एकही कागद, एकही साक्षीदार नव्हता.

निकाल

२०२४ च्या अखेरीस निकाल लागला. युक्तिवादाच्या वेळी नवा कायदा लागू होतो का, असा प्रश्न निघाला होता, कारण १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ अमलात आला आहे. त्याच्या कलम १७० प्रमाणे त्या दिवशी प्रलंबित असलेल्या कामांना जुनाच कायदा लागतो, म्हणून १८७२ चा अधिनियमच धरला गेला. नव्या दाव्यांत दुय्यम पुराव्याचे प्रसंग कलम ६० मध्ये, हजर करण्याची नोटीस कलम ६४ मध्ये आणि इलेक्ट्रॉनिक नोंद कलम ६३ मध्ये पाहावी. प्रसंग बहुतांशी तेच आहेत, पण इलेक्ट्रॉनिक नोंदीचे प्रमाणपत्र आता अनुसूचीतल्या नमुन्यात द्यावे लागते. त्याचा एक भाग पक्षकाराचा आणि दुसरा तज्ज्ञाचा असतो, आणि फाइलचे हॅश मूल्य, म्हणजे फाइलमध्ये बदल झाला की बदलणारा तिचा ठसा-क्रमांक, लिहावे लागते. फोन जपून ठेवण्याची गरज त्यामुळे वाढली आहे.

न्यायालयाने मूळ पावती प्रतिवादीच्या ताब्यात असल्याचे मान्य केले, झेरॉक्स मुळावरून काढल्याचे शाबित धरले, प्रतिवादीने इसारपावती लिहून दिली आणि ४ लाख इसार घेतला हेही शाबित धरले. रोख १ लाखाला पावतीतल्या मजकुराखेरीज शिक्षकांच्या साक्षीचा आधार मिळाला.

खरेदीखत मात्र मिळाले नाही. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम १६(सी) प्रमाणे वादीने आपण व्यवहार पुरा करायला तयार आणि राजी होतो हे शाबित करावे लागते. वादी राजी होता हे नोटिशीवरून दिसत होते. पण बोजा कमी झाल्यानंतरच्या सहा महिन्यांत १४ लाख उभे करण्याची त्याची ऐपत दाखवणारा खातेउतारा किंवा कर्जमंजुरीचा कागद रेकॉर्डवर नव्हता. भाऊ देणार होता असे तो म्हणाला, भावाची साक्ष झाली नाही. भाऊ तोवर हयात नव्हता. पर्यायी मागणीप्रमाणे ४ लाख रुपये ६ टक्के व्याजासह परत करण्याचा हुकूमनामा झाला, आणि त्या रकमेसाठी जमिनीवर बोजा ठेवला गेला.

दोन्ही बाजूंनी जिल्हा न्यायालयात अपील केले आहे. आमच्या अपिलाचा भर ऐपतीवर आहे. प्रतिवादीच्या अपिलात पहिला मुद्दा पुन्हा झेरॉक्सचा आहे, आणि तो त्याला घेता येतो, कारण त्याच्या वकिलांनी हरकत वेळेवर, निशाणी पडतानाच घेतली होती. आर. व्ही. ई. वेंकटाचल गौंडर (२००३) या निकालाप्रमाणे शाबितीच्या पद्धतीवरची हरकत त्या वेळी घेतली नाही, तर नंतर घेता येत नाही. दस्तच मुळात अग्राह्य असेल तर गोष्ट वेगळी. माझ्या बाजूने विचार करता ही हरकत आली नसती तर सोपे गेले असते. पण ती आल्यामुळेच नोटीस, फोन, नोंदवही, शिक्षकांची साक्ष हे सगळे रेकॉर्डवर आले आहे, आणि अपिलात आता त्याच कागदांवर उत्तर द्यायचे आहे.